मोटारीच्या ब्रेकचे पॅड : झीज, तपासणी व बदल

यंत्राचे भाग दोन प्रकारचे असतात. काही भाग शक्य तितके कमी झिजावेत अशा रीतीने घडविलेले असतात. इंजिनातील दंडगोल, चाकांची बेअरिंगे, दातेरी चक्रे ही त्यांची उदाहरणे होत. दुसरे काही भाग मात्र झिजण्याकरिताच घडविलेले असतात. देवघरातील सहाण आणि चंदनाचे खोड यांचा संबंध पाहिला म्हणजे ही गोष्ट चटकन लक्षात येईल. गंध उगाळताना खोड झिजते. सहाण फारशी झिजत नाही. खोड संपले की दुसरे आणावयाचे, सहाण तीच ठेवावयाची. मोटारीच्या ब्रेकमध्येही अशीच जोडी असते. चाकाबरोबर फिरणारी बिडाची चकती ही सहाण, आणि तिला दोन्ही बाजूंनी दाबणारे पॅड हे चंदनाचे खोड. फरक एवढाच की खोड किती उरले आहे हे रोज डोळ्यांसमोर असते, पॅड मात्र चाकाच्या आड दडलेले असतात. म्हणूनच ते मुद्दाम पाहावे लागतात. कसे पाहावे, केव्हा बदलावे आणि बदलताना कोणती दक्षता घ्यावी, याचा विचार या पाठात केला आहे.

झिजणारा भाग वेगळा ठेवण्याची ही कल्पना मोटारीइतकीच जुनी आहे. १८८८ साली कार्ल बेंझ यांच्या पत्नी बेर्था बेंझ आपल्या दोन मुलांसह जर्मनीतील मानहाइमहून फोर्त्सहाइमपर्यंत मोटारीने गेल्या. हे अंतर शंभर किलोमीटरांहून अधिक होते. त्या गाडीच्या ब्रेकचे ठोकळे वाटेतील उतारांवर झिजू लागले, तेव्हा त्यांनी एका चर्मकाराकडून ठोकळ्यांवर चामडे ठोकून घेतले. चामडे झिजले की तेवढेच बदलावे, ठोकळा कायम राहावा, हे त्यामागील तत्त्व. पुढे इंग्लंडमधील फ्रेडरिक लँचेस्टर यांनी १९०२ साली चकतीच्या ब्रेकचे एकस्व घेतले. १९५३ साली फ्रान्समधील ल मां येथील चोवीस तासांच्या शर्यतीत असे ब्रेक लावलेली जॅग्वार मोटार पहिली आली, आणि त्यानंतरच्या काळात ही रचना सामान्य कुटुंबाच्या मोटारीतही रूढ झाली. भारतातील बहुतेक लहान मोटारींत, उदाहरणार्थ मारुतीच्या अल्टो किंवा वॅगनआर या गाड्यांत, पुढील चाकांना चकतीचे आणि मागील चाकांना ड्रमचे ब्रेक असतात. येथे आपण पुढील चाकांच्या चकतीच्या ब्रेकचाच विचार करू.

गाडीची गती जाते कोठे?

धावणाऱ्या मोटारीत गतिज ऊर्जा असते. मोटार थांबली म्हणजे ही ऊर्जा नाहीशी होत नाही. ऊर्जेच्या अक्षय्यतेच्या नियमानुसार तिचे रूप तेवढे पालटते. ब्रेकमध्ये घर्षणाने तिची उष्णता होते. ही उष्णता किती असते याचा हिशेब करणे अवघड नाही.

प्रवाशांसह मोटारीचे वस्तुमान १,२०० किलोग्रॅम आणि वेग ताशी ६० किलोमीटर, म्हणजे सेकंदास सुमारे १६.७ मीटर आहे असे समजू. वस्तुमानाची निमपट गुणिले वेगाचा वर्ग, या सूत्राने गतिज ऊर्जा सुमारे १ लाख ६७ हजार ज्यूल येते. एवढ्या उष्णतेने ३० अंश सेल्सियस तापमानाचे अर्ध्या लिटरहून थोडे अधिक पाणी उकळी येईपर्यंत तापविता येईल. वेग ताशी ९० किलोमीटर केला तर तो दीडपटच वाढतो, पण ऊर्जा सव्वादोनपट होते. कारण ती वेगाच्या वर्गाच्या प्रमाणात असते. आता सव्वा लिटर पाणी उकळेल इतकी उष्णता अवघ्या काही सेकंदांत ब्रेकमध्ये निर्माण होते.

या उष्णतेचा मोठा वाटा पुढील चाकांच्या वाट्यास येतो. ब्रेक लावताच गाडीतील माणसे पुढे झुकतात, त्याप्रमाणे गाडीचा भारही पुढील चाकांवर कलतो. म्हणून थांबविण्याचे बहुतेक काम पुढील ब्रेकच करतात आणि त्यांचे पॅड आधी झिजतात. एकूण उष्णतेपैकी सत्तर टक्के पुढील चाकांकडे जाते आणि प्रत्येक चकतीचे वजन ४ किलोग्रॅम आहे असे धरले, तर ताशी ६० किलोमीटर वेगावरून एकदा थांबताना चकतीचे तापमान सुमारे ३० अंशांनी वाढते. दोन थांब्यांच्या मध्ये चकती वाऱ्याने निवते म्हणून शहरात सहसा अडचण येत नाही. सारखा ब्रेक लावावा लागला तर काय होते, हे पुढे घाटाच्या संदर्भात पाहू.

पायापासून पॅडपर्यंत

माणसाच्या पायाचा जोर एवढी मोठी गाडी कसा थांबवू शकतो? याचे उत्तर फ्रेंच शास्त्रज्ञ ब्लेझ पास्कल (१६२३–१६६२) यांनी मांडलेल्या नियमात आहे. बंदिस्त द्रवावर एका ठिकाणी दिलेला दाब द्रवात सर्वत्र सारखाच पोहोचतो. ब्रेकचे पेडल दाबले की मास्टर सिलिंडरमधील लहान पिस्टन पुढे सरकतो. त्याने निर्माण केलेला दाब नळ्यांमधील द्रवातून प्रत्येक चाकाकडील मोठ्या पिस्टनवर पडतो. दाब सारखाच, पण मोठ्या पिस्टनचे क्षेत्रफळ अधिक असल्यामुळे त्यावरील बल त्या प्रमाणात वाढते.

उदाहरणार्थ, लहान पिस्टनचा व्यास २० मिलिमीटर आणि मोठ्याचा ५० मिलिमीटर असला तर क्षेत्रफळांचे गुणोत्तर ६.२५ येते. पेडल ही मुळात एक तरफ असते. तिने पायाचा जोर चौपट होतो असे मानू. २० किलोग्रॅम भाराइतका जोर पायाने दिला, तर तरफेमुळे तो ८० आणि द्रवदाबामुळे ५०० किलोग्रॅम भाराइतका होतो. याशिवाय आजच्या बहुतेक मोटारींत निर्वाताच्या साहाय्याने पायाचा जोर वाढविणारे उपकरण बसविलेले असते, ते वेगळेच.

चकतीला चिमट्याप्रमाणे दोन्ही बाजूंनी कवेत घेणाऱ्या भागास कॅलिपर म्हणतात. लहान मोटारींत पिस्टन सहसा आतल्या बाजूस एकच असतो. तो आतील पॅड चकतीवर दाबतो. त्याची प्रतिक्रिया म्हणून सगळा कॅलिपर दोन पिनांवरून आत सरकतो आणि बाहेरील पॅडही चकतीवर आणून दाबतो. या पिना मोकळ्या सरकल्या तरच दोन्ही पॅड सारखे झिजतात, ही गोष्ट ध्यानात ठेवावी.

झीज लपते कशी?

पिस्टनभोवती चौकोनी छेदाचे एक रबरी सील असते. दाब येताच पिस्टन पुढे सरकतो आणि सील किंचित पीळ खाते. दाब सुटला की सील पूर्वस्थितीवर येते आणि पिस्टनला केसभर मागे ओढते. तेवढ्याने पॅड चकतीवरून सुटतात. परंतु पॅड झिजले असतील तर पिस्टन सीलमधून थोडा घसरून पुढे जातो आणि त्या नव्या जागेपासूनच मागेपुढे होऊ लागतो. अशा रीतीने झिजेची भरपाई आपोआप होत राहते.

ही रचना मोठी सोयीची आहे, पण तिच्यात एक धोका आहे. पॅड नवे असोत की संपत आलेले असोत, पेडल जवळजवळ त्याच उंचीवर लागते. चालकाच्या पायास झीज कळत नाही. "ब्रेक चांगले लागतात, मग पॅड चांगलेच असणार" हा समज म्हणूनच चुकीचा आहे. घर्षणाचा थर पूर्ण संपेपर्यंत ब्रेक लागत राहतात, आणि त्यानंतर पॅडची पोलादी पाठ चकतीवर घासू लागते. तेव्हा चकतीवर चरे पडतात, ब्रेकचा जोर घटतो आणि थांबण्याचे अंतर वाढते.

झिजेची एक खूण मात्र बॉनेट उघडताच दिसते. पिस्टन जसजसा पुढे जातो तसतशी त्याच्यामागे होणारी पोकळी द्रवाने भरून निघते, आणि टाकीतील द्रवाची पातळी खाली येते. दोन्ही पॅड प्रत्येकी ७ मिलिमीटर झिजले तर पिस्टन १४ मिलिमीटर पुढे येतो. ५० मिलिमीटर व्यासाच्या पिस्टनमागे तेवढ्या लांबीत सुमारे २७ घन सेंटिमीटर द्रव मावतो. दोन चाकांचा मिळून सुमारे ५५ घन सेंटिमीटर होतो. म्हणून पातळी उतरलेली दिसली की लगेच वरून द्रव ओतू नये. प्रथम पॅड पाहावेत आणि कोठे गळती आहे काय तेही पाहावे. न पाहता टाकी भरणे म्हणजे मिळालेली सूचना आपल्याच हाताने पुसून टाकणे होय.

तपासणी केव्हा व कशी करावी?

दर १०,००० किलोमीटरांस एकदा, तसेच लांबच्या अथवा घाटाच्या प्रवासापूर्वी पॅड पाहण्याचा नेम ठेवावा. पुढील लक्षणे दिसल्यास नेमाची वाट पाहू नये : ब्रेक लावताच येणारा बारीक कर्कश आवाज, धातूवर धातू घासल्याची खरखर, गाडी एका बाजूस ओढली जाणे, पेडलमध्ये जाणवणारे ठोके, किंवा ब्रेकचा इशारा देणारा दिवा लागणे. पुष्कळ पॅडना पोलादाची एक पातळ पट्टी जोडलेली असते. थर कमी उरला म्हणजे ती चकतीला टेकते आणि किंचाळल्यासारखा आवाज करते. तो बिघाड नसून निर्मात्याने ठेवलेला इशारा असतो. पावसात उभ्या राहिलेल्या गाडीच्या चकतीवर रात्रीतून हलका गंज चढतो, त्याचा आवाज मात्र दोनचार वेळा ब्रेक लावताच नाहीसा होतो.

चाकाच्या फटीतून विजेरीच्या उजेडात बाहेरील पॅड दिसतो. आतील पॅड दिसत नाही आणि पिना अडकल्या असल्यास बहुधा तोच अधिक झिजलेला असतो. म्हणून खरी तपासणी चाक काढूनच होते. मोजताना केवळ घर्षणाच्या थराची जाडी मोजावी; तो ज्या पोलादी पाठीवर चिकटविलेला असतो तिची जाडी त्यात धरू नये. नवशिक्याची चूक नेमकी येथे होते, आणि संपत आलेला पॅड त्यास पुरेसा जाड वाटतो.

लहान मोटारीच्या नव्या पॅडचा थर साधारणपणे १० मिलिमीटरांच्या आसपास असतो. गाडीच्या पुस्तिकेत किमान जाडी दिलेली असते. तोच आकडा प्रमाण मानावा. आकडा हाताशी नसेल तर ३ मिलिमीटर थर उरताच पॅड बदलावेत. उरलेले आयुष्य त्रैराशिकाने अजमावता येते. १० मिलिमीटरांचा थर २०,००० किलोमीटरांत ७ मिलिमीटर झाला, म्हणजे ३ मिलिमीटर झिजला. तर पुढील ४ मिलिमीटर झिजण्यास सुमारे २६,७०० किलोमीटर लागतील. घाटात, गर्दीच्या रस्त्यांवर अथवा भरलेल्या गाडीत झीज याहून लवकर होते, म्हणून हा केवळ अंदाज समजावा.

झिजेच्या आकारावरूनही पुष्कळ कळते. आतील पॅड फार झिजला आणि बाहेरील जाड राहिला, तर पिना गंजून अडकल्या असण्याचा संभव असतो. पॅड एका टोकाकडे निमुळता झिजला, तर तो आपल्या खोबणीत तिरका बसत असला पाहिजे. एका चाकाचे पॅड झिजले आणि दुसऱ्याचे तसेच राहिले, तर एखादा पिस्टन अडकत असावा. कारण दूर न करता नुसते पॅड बदलले तर नवेही तसेच झिजतील.

पॅड बदलण्याची रीत

पहिल्यांदा हे काम जाणत्या मेकॅनिकच्या देखरेखीखालीच करावे. शाळेतील विद्यार्थ्यांनी ते पाहावे, स्वतः एकट्याने करू नये. जॅक, गाडीखाली ठेवावयाचे भक्कम स्टँड, चाकाचा पाना, योग्य मापाचे पाने, सी-आकाराचा शिकंजा, तारेचा तुकडा, ब्रेकसाठी असलेले ग्रीस, ब्रेक साफ करण्याचा द्रव आणि स्वच्छ फडके एवढे साहित्य लागते. पॅड एका चाकाचे कधीही बदलू नयेत. डावीउजवीकडील दोन्ही चाकांचे एकदम बदलावेत, नाहीतर गाडी एका बाजूस ओढते. काम मात्र एका वेळी एकाच चाकाचे करावे, म्हणजे भाग जोडताना दुसरी बाजू नमुन्यादाखल पाहता येते.

गाडी नुकतीच चालून आली असल्यास ब्रेक पूर्ण निवू द्यावेत. ती सपाट व टणक जागी उभी करून हँडब्रेक ओढावा आणि मागील चाकांना पुढूनमागून उटी लावावी. चाक जमिनीवर असतानाच त्याचे नट थोडे सैल करावेत. मग पुस्तिकेत दाखविलेल्या जागी जॅक लावून गाडी उचलावी आणि लगेच तिच्याखाली स्टँड ठेवावा. केवळ जॅकवर उचललेल्या गाडीखाली शरीराचा कोणताही भाग नेऊ नये. जॅक घसरून झालेल्या अपघातांत माणसे दगावली आहेत. हा नियम एका मिनिटाच्या कामासही लागू आहे.

चाक काढल्यावर कॅलिपरच्या दोन पिनांपैकी खालच्या पिनेचा बोल्ट काढावा आणि कॅलिपर वरच्या पिनेवर फिरवून उचलावा. काही गाड्यांत तो पूर्ण काढावा लागतो. तशा वेळी त्यास तारेने स्प्रिंगला बांधून ठेवावे. रबरी नळीवर लोंबकळत सोडू नये, कारण नळीस आतून इजा झाली तरी ती बाहेरून दिसत नाही. जुने पॅड कोणत्या बाजूने कसे बसले होते, इशाऱ्याची पट्टी कोणत्या पॅडला होती, हे पाहून मगच ते काढावेत.

ब्रेकमधील काळी भुकटी फुंकरीने किंवा हवेच्या झोताने उडवू नये. एकेकाळी पॅडमध्ये ॲस्बेस्टॉस सर्रास वापरीत असत. त्याचे सूक्ष्म तंतू श्वासावाटे फुप्फुसात जाऊन कर्करोगास कारण होतात. जुन्या पॅडमध्ये काय आहे हे पाहून सांगता येत नाही, आणि कोणतीही बारीक धूळ फुप्फुसास अहितकारकच असते. म्हणून साफ करण्याचा द्रव शिंपडून भुकटी ओली करावी, ओल्या फडक्याने पुसून घ्यावी आणि नाकावर मुखपट्टी बांधावी.

आता चकती पाहावी. तिच्यावर खोल चरे, भेगा किंवा कडेस उंच कंगोरा असू नये. तिची किमान जाडी बहुधा तिच्यावरच कोरलेली असते. त्याहून ती पातळ झाली असल्यास चकत्यांची जोडीच बदलावी. सहाणही वर्षानुवर्षांनी झिजतेच.

नवे पॅड जाड असल्यामुळे पिस्टन मागे ढकलावा लागतो. त्यापूर्वी टाकीचे झाकण उघडून पातळी पाहावी. पिस्टन मागे जाताना मघाचा ५५ घन सेंटिमीटर द्रव टाकीत परत येतो. मध्यंतरी कोणी वरून भर घातली असेल तर तो बाहेर सांडतो. म्हणून आवश्यक तेवढा द्रव आधीच स्वच्छ पिचकारीने काढून घ्यावा. हा द्रव गाडीचा रंग उडवितो. सांडल्यास लगेच पाण्याने धुवावे. जुना पॅड पिस्टनवर ठेवून त्यावरून शिकंजा हळूहळू आवळावा, म्हणजे पिस्टन सरळ आत जातो. त्यावरील रबरी आवरण फाटलेले नाही ना, हेही पाहावे. हँडब्रेक विजेवर चालणाऱ्या गाड्यांच्या मागील चाकांस ही रीत लागू नाही. त्यांचा पिस्टन असा ढकलल्यास यंत्रणा मोडते.

पिना काढून पुसाव्यात, त्यांना ब्रेकसाठीचेच ग्रीस लावावे आणि त्या हाताने सहज सरकतात याची खात्री करावी. पॅडच्या पाठीवर व खोबणीत बसणाऱ्या कानांवर ग्रीसचा अगदी पातळ हात फिरवावा. घर्षणाच्या थरास अथवा चकतीस ग्रीस, तेल किंवा ब्रेकचा द्रव यांचा थेंबही लागू देऊ नये. नवे पॅड खोबणीत बसवून कॅलिपर खाली आणावा, बोल्ट पुस्तिकेत दिलेल्या मापाने आवळावा आणि चाक चढवावे. चाकाचे नट समोरासमोरच्या क्रमाने थोडेथोडे आवळीत जावेत आणि गाडी खाली उतरविल्यावर पक्के करावेत.

गाडी हलविण्यापूर्वी

येथे या पाठातील सर्वांत महत्त्वाची सूचना येते. पिस्टन मागे ढकललेला असल्यामुळे तो व पॅड यांच्यामध्ये आता पोकळी आहे. अशा स्थितीत पेडल पहिल्यांदा दाबले तर ते थेट तळाला जाते आणि ब्रेक मुळीच लागत नाही. काम संपल्याच्या समाधानात एखाद्याने गाडी सुरू करून मागे घेतली, तर ती थांबविण्याचे साधन त्याच्याजवळ नसते. पॅड अगदी नवे, काम अगदी बिनचूक, आणि तरीही ब्रेक नाही.

म्हणून इंजिन सुरू करण्यापूर्वीच पेडल सावकाश, पुन्हा पुन्हा दाबावे. प्रत्येक दाबाबरोबर पिस्टन पुढे येतो, आणि अखेर पेडल घट्ट लागते. मग टाकीतील पातळी पाहून ती खालच्या व वरच्या खुणांच्या मध्ये आणावी. इंजिन सुरू केल्यावर पेडल किंचित खाली जाऊन तेथेच घट्ट राहिले पाहिजे. ते स्पंजासारखे मऊ लागले अथवा हळूहळू खाली बसू लागले, तर द्रवात हवा शिरली आहे किंवा कोठे गळती आहे असे समजावे. अशी गाडी रस्त्यावर नेऊ नये. सर्व ठीक असल्यास मोकळ्या जागेत चालण्याच्या वेगाने गाडी नेऊन ब्रेक पाहावा आणि मगच रस्त्यावर यावे.

नव्या पॅडचा पृष्ठभाग चकतीशी अजून जुळलेला नसतो. मोकळ्या रस्त्यावर ताशी ५० किलोमीटर वेगावरून १५ पर्यंत, बेताने ब्रेक लावून, आठदहा वेळा वेग उतरवावा; मध्ये काही अंतर ब्रेक न लावता चालवून चकती निवू द्यावी. पॅडसोबत निर्मात्याच्या सूचना असल्यास त्याच पाळाव्यात. पहिले दोनशे किलोमीटर पुढील वाहनापासून नेहमीपेक्षा अधिक अंतर ठेवावे.

घाटाचा उतार

तमिळनाडूतील उदगमंडलमहून मेट्टुपालयमला उतरताना मोटार सुमारे १,९०० मीटर खाली येते. १,२०० किलोग्रॅम वस्तुमानाच्या गाडीची या उतरणीत सुटणारी स्थितिज ऊर्जा सुमारे २ कोटी २३ लाख ज्यूल भरते. ताशी ६० किलोमीटर वेगावरून गाडी १३४ वेळा थांबविण्याइतकी ही ऊर्जा आहे. ती सगळी ब्रेकवर टाकली, तर चकती निवण्यास सवड मिळत नाही. फार तापलेल्या पॅडचे घर्षण घटते, आणि जोराने दाबूनही गाडी हळू होत नाही. पॅड पातळ झाले असले तर उष्णता पिस्टनमागील द्रवापर्यंत अधिक लवकर पोहोचते.

येथे द्रवाचा गुणधर्म आड येतो. गॅरेजमध्ये ज्याला ब्रेक ऑइल म्हणतात ते वास्तविक तेल नसून बहुधा ग्लायकॉल वर्गातील संयुगांचे मिश्रण असते, आणि ते हवेतील ओलावा शोषून घेते. डॉट ३ या प्रतीच्या ताज्या द्रवाचा उत्कलनबिंदू किमान २०५ अंश सेल्सियस असावा लागतो. ओलावा शोषलेल्या द्रवासाठी ही मर्यादा १४० अंश आहे. डॉट ४ साठी हेच आकडे २३० व १५५ आहेत. द्रव उकळला की त्यात वाफेचे बुडबुडे होतात. वाफ दाबली जाते, द्रव दाबला जात नाही. म्हणून पेडल खाली जाते आणि दाब पुढे पोहोचत नाही. यास्तव द्रव साधारण दोन वर्षांनी, अथवा पुस्तिकेत सांगितलेल्या मुदतीत, बदलावा, आणि घाट उतरताना खालचा गिअर घालून इंजिनाच्याच रोधाने वेग आवरावा. नीलगिरीत असो, हिमाचलात असो की आपल्या खंडाळ्याच्या घाटात असो, नियम एकच.

करून पाहा

सुया काढून टाकलेल्या दोन पिचकाऱ्या घ्याव्यात, एक २ मिलिलिटरची व एक १० मिलिलिटरची. त्या पातळ नळीने जोडून पाण्याने पूर्ण भराव्यात. लहान पिचकारीचा दट्ट्या एका बोटाने व मोठीचा दुसऱ्या हाताच्या बोटाने दाबून धरावा. लहानाचा थोडा जोर मोठ्याच्या अधिक जोरास पुरून उरतो, पण मोठा दट्ट्या सरकतो मात्र थोडाच. आता नळीत हवेचा एक बुडबुडा येऊ द्यावा आणि तोच प्रयोग पुन्हा करावा. लहान दट्ट्या पुष्कळ आत जातो, तरी मोठा लगेच हलत नाही. ब्रेकमध्ये हवा अथवा वाफ शिरली म्हणजे काय होते, ते या बुडबुड्यावरून समजेल.

समारोप

पॅडची किंमत गाडीच्या मानाने क्षुल्लक असते, आणि ते बदलण्यास दोनचार तासांपेक्षा अधिक वेळ लागत नाही. परंतु पॅड आपण होऊन जवळजवळ काहीच सांगत नाहीत; पेडल तसेच लागते, गाडी तशीच थांबते, आणि थर मात्र उतरत जातो. तेव्हा पायाच्या अनुभवावर विसंबून न राहता ठरावीक काळाने चाक काढावे, मोजपट्टी लावावी आणि आकडा तारखेसह वहीत टिपून ठेवावा. रस्त्यावरून जाणाऱ्या मुलास त्या वहीची कल्पना नसते. पण एखादे दिवशी त्याचा जीव तिच्यावर अवलंबून असू शकतो.

अभ्यासासाठी प्रश्न

१. वेग दुप्पट झाला तर ब्रेकमध्ये निर्माण होणारी उष्णता किती पट होईल?

२. पॅड झिजल्याचे पेडलवरून का कळत नाही? टाकीतील पातळीवरून का कळते?

३. १० मिलिमीटरांचा थर १५,००० किलोमीटरांत ८ मिलिमीटर झाला. तो ३ मिलिमीटर होण्यापूर्वी गाडी आणखी किती चालेल?

४. नवे पॅड बसविल्यावर इंजिन सुरू करण्यापूर्वी पेडल पुन्हा पुन्हा का दाबावे?

५. आतील पॅड बाहेरील पॅडपेक्षा अधिक झिजला असेल तर प्रथम काय तपासाल?